मृत्यूचे कारण: साहेबांचा दौरा

तळबंध मत्स्यबीज केंद्र,
१९ नोव्हेंबर १९९५

॥ जय जगन्नाथ ॥

ती. वनबिहारी भाऊजींस आर्तत्राणचा साष्टांग नमस्कार.

काल मला निलंबित केलं. तुम्हाला ठाऊक असेलच. भुवनेश्वरच्या मुख्य कचेरीत आस्थापना शाखेचे हेडक्लार्क तुम्ही. तुमच्या टेबलावरून गेल्याशिवाय आपल्या महामंडळात कागद हलत नाही. तरी एकदा मेहुण्याच्या तोंडून ऐका.

पाच तारखेला आमचे विभागीय व्यवस्थापक रथसाहेब केंद्राच्या तपासणीला आले. बरोबर तुम्ही होतातच, त्यामुळे तपासणी तळ्याच्या काठावर पाच मिनिटं आणि स्वयंपाकघरात तीन तास चालली हे मी सांगायला नको. साहेबांना साधा मासा चालेना. त्यांनी बोट दाखवलं ते प्रजनक तळ्यातल्या बुढीकडे. अकरा वर्षांची रोहू, साडेनऊ किलो. या जिल्ह्यातल्या निम्म्या तळ्यांतले मासे तिची लेकरं आहेत. मी हात जोडले. साहेब म्हणाले, "महांतीबाबू, म्हातारपणी सगळ्यांनाच रिटायर व्हावं लागतं." सगळे हसले. तुम्हीही हसलात.

आणि दिवस कोणता, तर पंचुकाचा तिसरा! कार्तिकातल्या ज्या पाच दिवसांत बगळासुद्धा माशाला चोच लावत नाही म्हणतात, त्यातल्या ऐन मधल्या दिवशी तुम्ही सहा जणांनी मोहरीच्या रश्शात बुढी संपवली.

इतकी वर्षं दौऱ्यात खाल्लेला प्रत्येक मासा मी नोंदवहीत 'जलरोगाने मृत' म्हणून लिहीत आलो. सगळीच केंद्रं लिहितात. पण गेल्या वर्षी मलाच मेमो आला, की तुमच्या केंद्रात जलरोग फार, निष्काळजीपणाचा खुलासा करा. म्हणून यंदा खरं लिहिलं. 'प्रजनक रोहू मादी, संख्या एक. दि. ५ नोव्हेंबर. मृत्यूचे कारण: विभागीय साहेबांचा दौरा. शेरा: मोहरीच्या रश्शात.' खाली खाणाऱ्यांची पाच नावं. सहावं तुमचं, ते लिहिलं नाही. माझी अपा त्या महिन्यात तुमच्या आयुष्यासाठी एकवेळ हविष्यान्न खाऊन तुळशीपुढे दिवे लावत होती. बहिणीच्या संसारासाठी एवढं खोटं केलं.

माझ्यावर आरोप काय, तर 'कार्यालयीन नोंदवहीत अशोभनीय मजकूर'. पुढच्या वर्षी ३१ डिसेंबरला मी निवृत्त होतो. बत्तीस वर्षांची नोकरी झाली. मला माझ्या खुर्चीवरून उठून घरी जायचंय, निलंबित म्हणून नाही; आणि ती नोंद आहे तशी राहिली पाहिजे. काही करता येईल का, ते कळवा.

तुमचा,
आर्त


भुवनेश्वर,
२ डिसेंबर १९९५

॥ जय जगन्नाथ ॥

चि. आर्तत्राण यास अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र वाचून दोन दिवस अन्न गोड लागलं नाही. अपाला निलंबनाचं सांगितलं, कारण सांगितलं नाही. तुझं पत्र मी कचेरीच्या खणात कुलपात ठेवलंय.

आदेश वरून आला बरं का. अगदी वरून. मला तर जावक क्रमांक पडल्यावर कळलं. मी म्हणालोसुद्धा, अरे हा तर आमचा आर्त! पण आमच्यासारख्या गरीब कारकुनाचं ऐकतो कोण?

एक गोष्ट समजून घे. रथसाहेब मनाने वाईट नाहीत. मासा महामंडळाचा होता याचं त्यांना काही नाही, तारीख महामंडळाच्या वहीत आहे याचं आहे. ते गावच्या मंदिर समितीचे अध्यक्ष. आई ब्याऐंशी वर्षांची, कडक सोवळ्याची. तुझ्या नोंदीची बातमी कोणा पुण्यात्म्याने त्या माउलीच्या कानावर घातली. चार दिवस तिने मुलाच्या हातचं पाणी घेतलं नाही. आता सांग, माणूस चिडणार नाही तर काय करील?

तू असं कर. एक रेघ मार. रेघ मारायला शाई ती किती लागते? वर 'जलरोग' लिही, सही कर, दुसऱ्या दिवशी कामावर ये. अरे, प्रत्यक्ष धर्मराजाला अर्धं खोटं बोलावं लागलं, तू तर साधा केंद्र व्यवस्थापक.

माझं नाव गाळलंस, हे उपकार जन्मभर विसरणार नाही. ते तसंच गाळलेलं राहू दे.

तुझा,
वनबिहारी


तळबंध,
६ ऑगस्ट १९९६

॥ जय जगन्नाथ ॥

ती. भाऊजींस साष्टांग नमस्कार.

रेघ मारली नाही. कटकला गेलो आणि हायकोर्टात अर्ज केला. गडनायक नावाचे वकील मिळाले. त्यांनी दहीबरा-आळूदम खाता खाता माझी हकिकत ऐकली आणि नोंदवहीची नक्कल वाचताना त्यांना असा ठसका लागला की आळूदमवाल्याने पाठीत थापट्या मारल्या.

३० जुलैला निकाल लागला. निलंबन रद्द, विभागीय व्यवस्थापकांनी मला दोन आठवड्यांत कामावर घ्यायचं. जजसाहेबांनी महामंडळाच्या वकिलाला विचारलं, "नोंदवहीत खरं लिहिणं अशोभनीय असेल, तर खोटं लिहिण्याला तुम्ही काय म्हणता?" वकिलाने त्याचं उत्तर द्यायला पुढची तारीख मागितली. मिळाली नाही.

नाचत विभागीय कचेरीत गेलो. आवक कारकून म्हणाला, साधी नक्कल चालणार नाही, प्रमाणित आणा. आणली. म्हणाला, साहेबांच्या नावे आहे, साहेबांनीच घ्यायला हवी, आणि साहेब दौऱ्यावर आहेत. तेवढ्यात आतल्या खोलीत रथसाहेब शिंकले. मी म्हणालो, "दौरा शिंकला बघा." तो म्हणाला, "पावसापाण्याचा दौरा आहे, शिंकणारच."

शेवटी रजिस्टर पोस्टाने पाठवली. भाऊजी, तुम्ही आत आहात. जरा ढकला.

आर्त


भुवनेश्वर,
२९ ऑगस्ट १९९६

॥ जय जगन्नाथ ॥

चि. आर्तत्राण यास आशीर्वाद.

अभिनंदन! अपाने शेजारीपाजारी छेनापोड वाटलं. कोर्टाचा निकाल तो कोर्टाचा निकाल, त्यापुढे कोणाची मिजास?

आदेशाचं पालन करण्याच्या प्रश्नावर इकडे अत्यंत गांभीर्याने विचार चालू आहे. कायदा सल्लागारांचं मत मागवलं. त्यांनी एका ओळीत कळवलं, 'आदेश पाळावा.' एवढ्या त्रोटक मतावर एवढा मोठा निर्णय कसा घ्यायचा? म्हणून दुसऱ्या सल्लागारांचं सविस्तर मत मागवलंय. ते आलं की दोन्ही मतांचा तौलनिक तक्ता करायचा आहे. तो मीच करणार, काळजी करू नकोस.

दोन आठवडे उलटून गेले हे खरं. पण कोर्टाने दोन आठवडे म्हटलं तरी ते कामाचे की कॅलेंडरचे, हे स्पष्ट नाही असा एक मुद्दा निघाला आहे. मुद्दा कोणी काढला ते विचारू नकोस.

रेघेचा विचार अजूनही कर.

वनबिहारी


तळबंध,
१४ नोव्हेंबर १९९६

॥ जय जगन्नाथ ॥

ती. भाऊजींस नमस्कार.

विचार केला आणि कोर्टाच्या अवमानाचा अर्ज टाकला. मला वाटलं होतं, त्याची नोटीस महामंडळाला जाईल आणि महामंडळ नेहमीप्रमाणे घोरत पडेल. गडनायक म्हणाले, "नाही बाबू, अवमान महामंडळ करत नाही, माणूस करतो. नोटीस माणसाच्या नावाने निघते आणि तुरुंगातही माणूसच जातो." तुरुंग हा शब्द फायलीत आला आणि काय पळापळ झाली म्हणून सांगू!

रथसाहेबांच्या नावाने नोटीस निघाली त्याच आठवड्यात त्यांनी कोरापुटला बदली मागून घेतली. कोरापुट! जिथे लोकांना शिक्षा म्हणून पाठवतात तिथे हा गृहस्थ पेढे वाटून गेला. त्यांच्या जागी साहू साहेब आले. नारळ फोडून खुर्चीवर बसले, चहा आला, आणि चहाबरोबर आवक कारकुनाने सांगितलं की आता नोटीस तुमच्या नावाने निघेल. साहेबांनी चहा अर्धा टाकला, छातीवर हात ठेवला आणि रजेचा अर्ज लिहिला. अक्षर मात्र मोत्यासारखं होतं.

तेव्हापासून खुर्ची रिकामी आहे. तिच्यावर पांढरा टॉवेल तेवढा बसलेला असतो. शिपाई झाडतोसुद्धा लांबून. स्टेनोबाई परवा दिवा बदलायला त्या खुर्चीवर चढणार होत्या, तर तिथला हेडक्लार्क ओरडला, "चढू नका, नाव लागेल!"

कोर्टाने आता म्हटलंय, २० डिसेंबरला त्या खुर्चीवर जो कोणी असेल त्याने स्वतः हजर व्हावं. माझे सत्तेचाळीस दिवस उरलेत. आता कोण बसतो ते बघायचं.

आर्त


भुवनेश्वर,
११ डिसेंबर १९९६

॥ जय जगन्नाथ ॥

चि. आर्तत्राण यास कोटी कोटी आशीर्वाद!

विभागीय व्यवस्थापक महोदय! हो, तूच. आदेश सोबत जोडला आहे. आधी वाच, मग पुढचं वाच.

वाचलास? अपाने शंख फुंकला, सगळी गल्ली गोळा झाली. माझा मेहुणा विभागीय व्यवस्थापक! भले प्रभारी असेल, भले वीस दिवसांपुरता असेल, पण खुर्ची तीच आणि टॉवेल तोच.

झालं असं. परवा एमडी साहेबांनी सेवाज्येष्ठतेची यादी मागितली. तुमच्या विभागात पहिलं नाव तुझं. दुसऱ्याला अचानक कावीळ झाली, तिसऱ्याची आई अत्यवस्थ. ती गेल्याच वर्षी वारली होती, पण ते असो. कोणीतरी म्हणालं, महांती निलंबित आहे. तेव्हा मी नम्रपणे निदर्शनास आणलं की हायकोर्टाने त्याचं निलंबन रद्द केलेलं आहे आणि हायकोर्टाच्या आदेशाचा मान राखणं आपलं कर्तव्य आहे. एमडी साहेब माझ्याकडे बघत राहिले. म्हणाले, "कानुनगोबाबू, तुमची जागा इथे नाही, फार वर आहे." जानेवारीत सहायक व्यवस्थापकाच्या बढत्या निघायच्या आहेत, हे तुला माहीत असेलच.

तुला कामावर घेण्याचा आदेश तेवढा निघालेला नाही. पण तो काढायचा अधिकार विभागीय व्यवस्थापकांना, आणि ते तर आता घरचेच आहेत. बघ, तुझ्या भाऊजीने कसं जुळवून आणलं!

वनबिहारी


विभागीय कार्यालय,
२२ डिसेंबर १९९६

ती. भाऊजींस नमस्कार.

तुम्ही जुळवून आणलंत ते कसं पार पडलं, ऐका.

सतरा तारखेला खुर्चीवर बसलो. पहिलं काम, श्री. आर्तत्राण महांती यांना कामावर घेण्याचा आदेश काढला. मग बाहेर जाऊन बाकावर बसलो आणि तो आदेश घेतला. पोच दिली. आवक कारकून म्हणाला, रुजू अहवाल साहेबांना समक्ष द्यावा लागतो. दिला. साहेब जागेवर होते, हा या कचेरीतला माझा पहिलाच अनुभव.

वीस तारखेला कटक. जजसाहेबांनी विचारलं, "अर्जदार कुठे आहेत?" मी डावीकडे उभा होतो. म्हणालो, "मीच, हुजूर." "आणि ज्यांनी आदेश पाळला नाही ते अधिकारी?" मी चार पावलं चालून उजवीकडे गेलो. "तोही मीच, हुजूर."

जजसाहेबांनी चष्मा काढला. "यांना कामावर घ्यायला तुम्हाला एवढा वेळ का लागला?"

"हुजूर, मी खुर्चीवर बसून तीन दिवस झाले. त्याआधी तिच्यावर टॉवेल होता."

महामंडळाच्या वकिलाने टाइप केलेलं प्रतिज्ञापत्र पुढे केलं. अधिकारी आदेश न पाळल्याबद्दल बिनशर्त माफी मागत आहेत. मी सही केली. मग जजसाहेबांनी विचारलं, "अर्जदारांना माफी मान्य आहे?" मी म्हणालो, "दहा मिनिटं द्या, हुजूर. तेरा महिने झुलवलंय या लोकांनी मला, लगेच कसा माफ करू?" सगळं कोर्ट हसलं. शेवटी मी मला माफ केलं आणि अर्ज निकाली निघाला.

इथवर हसायचं. आता पुढचं.

पदभाराबरोबर कपाटाची किल्लीही मिळते, हे जुळवणाऱ्याच्या ध्यानात आलं नसावं. कपाटात मुख्य कचेरीहून परत आलेली माझी मूळ फाईल होती. पहिल्याच पानावर टिपण: 'सदर कर्मचाऱ्यास तात्काळ निलंबित करणे इष्ट. आदेशाचा मसुदा सोबत.' डावीकडे झुकणारं अक्षर. त्याच अक्षरात मला दर वर्षी रजसंक्रांतीचं बोलावणं येतं. दोन मतांचा तौलनिक तक्ता त्याच अक्षरात. आठवडे कामाचे की कॅलेंडरचे, हा मुद्दाही त्याच अक्षरात. आदेश वरून आला म्हणालात. वर म्हणजे तुमच्याच टेबलावरून.

जजसाहेबांनी शेवटी विचारलं होतं, "ही सगळी टाळाटाळ कोणाच्या लेखणीतून निघाली?" फाईल माझ्या पिशवीत होती. मी म्हणालो, "ती लेखणी अजून हाती आलेली नाही, हुजूर." तुमच्यासाठी केलेलं हे दुसरं खोटं, आणि ते कोर्टात.

मला फार राग आलाय, भाऊजी. रथसाहेबांचा नाही, ते खाऊन गेले आणि विसरले. तुमचा आलाय.

नऊ दिवस उरलेत. ते तरी सुखाने जाऊ द्या.

आर्तत्राण महांती


तळबंध,
१ जानेवारी १९९७

ती. भाऊजींस नमस्कार.

तुमचं उत्तर नाही. अपेक्षाही नव्हती.

अठ्ठावीस तारखेला मुख्य कचेरीचा ड्रायव्हर सांगून गेला, "महांतीबाबू, तुमच्यासाठी वर एक कागद शिजतोय." तीन दिवस मी त्या खुर्चीवर बसून पोस्टमनच्या सायकलची घंटा ऐकत होतो. तो यायचा, बिलं आणि परिपत्रकं टाकायचा आणि जायचा. एकतिसाला त्याने मला विचारलं, "काही विशेष यायचंय का, बाबू?" मी म्हणालो, "न आलं तर बरं."

काल संध्याकाळी पाचला खुर्चीवरून उठलो. हार स्टेनोबाईंनी घातला. सेवेतून मुक्त केल्याचा आदेश माझा मीच काढला. मग केंद्रावर जाऊन नोंदवही एकदा पाहिली. रेघ नाही. घरी येऊन पखाळभात खाल्ला आणि रात्री आठलाच झोपलो.

अपाला नमस्कार.

आर्त


भुवनेश्वर,
९ जानेवारी १९९७

॥ जय जगन्नाथ ॥

आर्त,

आशीर्वाद द्यायचा अधिकार उरला आहे की नाही ठाऊक नाही, म्हणून लिहीत नाही.

तू ज्याची वाट पाहत होतास तो कागद तुला तीन तारखेला मिळाला असेल. २७ डिसेंबरला एमडी साहेबांनी मला बोलावलं. म्हणाले, महांतीने प्रतिज्ञापत्रावर कबूल केलंय की अधिकारी म्हणून त्याने हायकोर्टाचा आदेश पाळला नाही. यापेक्षा मोठं गैरवर्तन कोणतं? एकतिसाच्या आत निलंबित करा. मसुदा मी लिहिला. 'श्री. आर्तत्राण महांती यांनी श्री. आर्तत्राण महांती यांस कामावर घेण्यात अक्षम्य विलंब करून महामंडळाची अप्रतिष्ठा केली, सबब...' खोटं कशाला बोलू, लिहिताना मला मजा वाटत होती. तीस वर्षांतला माझा सगळ्यात चांगला मसुदा तो.

शनिवारी दुपारी सही झाली. खास जीपने पाठवायचा हुकूम होता. जावक क्रमांक टाकायला मी तो टेबलावर घेतला, आणि त्याच टपालात तुझं बावीस तारखेचं पत्र होतं.

पत्र वाचलं. कागद खणात ठेवला, कुलूप लावलं आणि घरी गेलो. अपाला सगळं सांगितलं. पंचुकाचं सांगितलं, तिने कानांवर हात ठेवले. मसुद्यांचं सांगितलं, तेव्हा हात खाली आले. ती ओरडली नाही. म्हणाली, "माझ्या भावाला घरी बसवायचा कागद तुम्ही लिहीत होता आणि मी तुमच्यासाठी दिवे लावत होते?" मग विचारलं, "वहीत नावं किती?" मी म्हणालो, पाच. "मग ती वहीही खोटीच की." आणि आता ती दुरुस्त करायला तू अधिकारीही नाहीस.

सोमवारी एमडी साहेबांनी विचारलं, जीप गेली का? मी म्हणालो, गेली. जीप खरंच गेली होती, पेट्रोल भरायला. मंगळवारी, एकतिसाला, संध्याकाळी पाचनंतर मी तो आदेश साध्या टपालाने टाकला. फायली मी जन्मभर दाबल्या. कधी साहेबांसाठी, कधी एका पानाच्या विड्यासाठी, बऱ्याचदा नुसत्या सवयीने. तुझ्यासाठी ही एकच दाबली आणि तीही फार उशिरा. मला माफ करायला तू दहा मिनिटं नाही, हवी तेवढी वर्षं घे.

सहा तारखेला मेमो आला: टपालास विलंब का झाला, खुलासा करा. एमडी साहेबांनी बाजूला घेऊन सांगितलं, "कानुनगोबाबू, जावक कारकुनावर ढकला आणि मोकळे व्हा. तुमच्या बढतीचा कागद सहीला आलाय." तो कागद त्यांनी मला लांबून दाखवलासुद्धा. मी टेबलाशी उभ्या उभ्या लिहून दिलं: 'विलंब झाला नाही. विलंब मी केला.' एवढं लहान टिपण मी तीस वर्षांत लिहिलं नव्हतं. साहेबांनी पान उलटून मागे काही आहे का पाहिलं.

आज दुपारी मला निलंबनाचा आदेश मिळाला. घरी आणून अपापुढे ठेवला आणि म्हणालो, आर्तला लिहून गडनायकांना विचारतो, हायकोर्टात टिकणार नाही हा. तिने चष्मा लावून आदेश दोनदा वाचला.

"यात खोटं काय लिहिलंय?"

मी म्हणालो, "तसं पाहिलं तर काहीच नाही."

"मग वकील कशाला?" म्हणाली आणि आदेश घडी करून माझ्या हातात दिला.

तेव्हा गडनायकांना तूर्त काही सांगू नकोस.

तुझा,
वनबिहारी